सात परस खोल

गेल्या महिन्यात कर्जतकडचे दोघं जण माझ्याकडे आले होते. माझ्या आतेभावाची मुलगी उषा, तिला पाहून गेले होते. मुलगी पसंत होती. आमच्याकडे सोयरीक पक्की करण्याआधी नात्यातल्या एखाद्या जाणत्या माणसाकडे चौकशी करतात. या घरातला जाणता माणूस म्हणून लोक माझ्याकडे येतात, याला काय म्हणावं? चहा झाला, पाऊसपाण्याचं बोलणं झालं, मग त्यातल्या थोरल्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली.

"मास्तर, राग नका मानू. पोरीच्या बापाचं डोकं फिरलं हुतं म्हनत्यात. घरान्यातच हाय का त्ये?"

"तसं काही नाही," मी म्हणालो. एवढंच. पण ज्या आवाजात म्हणालो त्यावरून त्यांनी ओळखायचं ते ओळखलं. पुन्हा आले नाहीत.

म्हणून हे लिहितो आहे. भागवतला जाऊन सहा वर्षं झाली. ज्यांच्या अब्रूसाठी गप्प होतो ते माझे वडील त्याच्याही कितीतरी आधी गेले. आता माझ्या गप्प बसण्याचा उपयोग फक्त मलाच आहे.

भागवत माझ्या आत्याचा मुलगा. आत्या त्याच्या लहानपणीच वारली, बाप ऊस तोडायला गेला तो तिकडेच दुसरा संसार मांडून बसला. भागवत आमच्या घरी, मामाकडे वाढला. पुढे आम्ही दोघंही मास्तर झालो आणि नशिबानं आमच्याच गावच्या शाळेत लागलो. जामखेडहून खर्ड्याकडे जाताना डाव्या हाताला आमचं गाव. शाळा चार वर्गांची, तीन मास्तरांची. हेडमास्तर तिसरे.

भागवत गुरुजी वर्गात कधी खुर्चीवर बसला नाही. उंबऱ्यावर बसायचा, एक पाय आत, एक बाहेर. दार लावायचं नाही. धुळीची वावटळ उठली, पाटीवर अक्षर दिसेना, तरी नाही. खिशात नेहमी अर्धी भाकरी फडक्यात बांधलेली. हेडमास्तर म्हणायचे, "भागवतराव, शाळेत काय दुष्काळी कामावर आलाय का? दुपारची सुट्टी आहे की जेवायला." भागवत हसायचा, भाकरी काही काढून ठेवायचा नाही. पाणी प्यायला की तांब्यात निम्मं ठेवायचा. विचारलं तर म्हणायचा, "मागच्याला."

पण त्याची खरी खोड म्हणजे हाकेची. कुणीही, कुठूनही हाक मारली की तो हातातलं काम टाकून ओ द्यायचा. जेवताना घास हातात घेऊन उठायचा. पोरांना सांगायचा, "हाक आली का आदी ओ द्यायची. कामं मागनं. वरनं हाक मारनाऱ्याला कळाय पायजे, खाली मानूस हाय म्हनून." पोरं खदखदून हसायची. शाळेला वरचा मजला नव्हता. खाली कोण आणि वर कोण, हे पोरांना कळायचं नाही. मला कळायचं. मी मान खाली घालून वह्या तपासायचो.

एकदा आम्ही चौथीची पोरं घेऊन खर्ड्याचा किल्ला पाहायला गेलो. पायीच. एकेचाळीस पोरं. जाताना भागवतनं ती सतरा वेळा मोजली असतील. परत निघताना चाळीसच भरली. म्हादू नावाचं एक पोरगं नव्हतं. हेडमास्तरांच्या अंगाला घाम फुटला. भागवत तडक किल्ल्यात परत शिरला आणि एकेका बुरुजाखाली, एकेका कोनाड्यात वाकून हाका मारू लागला. मी पोरं घेऊन पुढं निघालो तर खर्ड्याच्या बाजारातच म्हादूची मावशी भेटली. म्हादू तिच्या ओसरीवर भजी खात बसला होता. मी उन्हातून धापा टाकत किल्ल्यावर परत गेलो.

"भागवत, चल. सापडला. मावशीकडं भजी खातंय बेणं."

"बरं झालं," तो म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर खरंच आनंद दिसला. आणि वळून पुन्हा त्या अंधाऱ्या कोनाड्यात हाका मारायला लागला.

"अरे सापडलाय म्हणतोय ना!"

"व्हय रे. पण अजून कुनी असंल तर?"

त्या दिवशी मला पहिल्यांदा भीती वाटली. हेडमास्तरांनी मात्र त्याचा किस्सा केला आणि वर्षभर चवीनं सांगितला.

त्यानंतर ते वाढत गेलं. पाढे म्हणून घेताना मध्येच थांबायचा. "एक मिन्ट, पोरांनो." मान वर करून छपराकडे बघायचा, कुणाचं तरी ऐकून घ्यायचा, कधी मान हलवायचा, कधी हात जोडायचा, आणि मग सात पंचे पस्तीसपासून पुढं. "गुरुजी, कोन बोलतंय?" एका धीट पोरीनं विचारलं. "काठावरची मानसं," तो म्हणाला. "तुमी ध्यान देऊ नका. त्येंचं माझ्याशी हाय." पोरांना त्याचा लळा होता. तो थांबला की तीही थांबायची. हेडमास्तर व्हरांड्यातून येताना दिसले की पुढच्या बाकावरचं पोरगं मुद्दाम मोठ्यानं पाढा सुरू करायचं. चौथीतल्या पोरांनी सहा महिने आपल्या गुरुजीला सांभाळून घेतलं. आमच्यातल्या कुणा मोठ्यानं एवढंही केलं नाही.

आता विहिरीचं सांगतो. यापुढं टाळता येणार नाही.

आम्ही दोघं नऊ-नऊ वर्षांचे असताना एक मोठा दुष्काळ पडला होता. गावाची विहीर सात परस खोल, म्हणजे सात माणसं एकमेकांच्या डोक्यावर उभी केली तर काठाला हात लागेल. तळ कोरडा पडला, एका कपारीत झरा तेवढा पाझरायचा. त्या कपारीत मोठं माणूस मावायचं नाही. म्हणून पोराला काखेतून दोर बांधून खाली सोडायचे. पोरानं वाटीनं पाणी कळशीत भरायचं, कळशी भरली की दोर हलवायचा. घराघराच्या पाळ्या होत्या, पण पाळीला घड्याळ नव्हतं. गावाचा नियम एकच: ज्याचं माणूस झऱ्यावर, त्याची पाळी. माणूस वर आलं की पाळी सरली, मग पुन्हा नंबर लागायला आठ दिवस.

आमच्या घरातून कुणाला सोडायचं हा प्रश्न निघाला तेव्हा आई म्हणाली, "दत्तूला खोकला झालाय." दत्तू म्हणजे मी. मला खोकला नव्हता. वजनही माझंच कमी होतं.

वडिलांनी भागवतला दोन दिवस खाली ठेवलं. वर घेतला की पाळी मोडणार, म्हणून वर घेतलाच नाही. आमच्या चार म्हशी होत्या, आणि त्या दोन दिवसांत चारही जगतील एवढं पाणी निघालं. भाकरी पोहऱ्यातून खाली जायची. वडील काठावरून दम द्यायचे, "वर आलास तर घरात पाऊल टाकू देनार न्हाई." आमच्यानंतर ज्यांची पाळी होती त्या घरची एक बाई दुसऱ्या बाजूनं वाकून सांगायची, "पोरा, वर ये रं. खाली पान्यात साती आसरा हायेत. पाय वढून न्येत्यात." पोर भिऊन वर यावं आणि पाळी आपल्याला लागावी, एवढाच तिचा हेतू. तीही वाईट नव्हती. तिच्या घरात बाळंतीण होती. कुणीच वाईट नव्हतं, सगळं नियमानं चाललं होतं. माणसं काठावर बसून तंबाखू मळत होती आणि भागवतला आणखी किती वेळ ठेवायचा यावर त्याच्या डोक्यावर बोलत होती. खाली सगळं ऐकू जातं. विहिरीत आवाज मोठा होतो.

मला वडिलांनी काठावर बसवलं होतं. काम सोपं होतं. "त्याला झोपू देऊ नको. झोपला का वाटी थांबती."

तिसऱ्या दिवशी सकाळी त्याला वर काढला. रडला नाही. महिनाभर बोललाही नाही. आई म्हणाली, दृष्ट लागली. मीठमिरच्या ओवाळल्या. मग हळूहळू बोलायला लागला, शाळेत पहिला नंबर काढायला लागला आणि आम्ही सगळे ते विसरून गेलो. निदान एकमेकांना तसं दाखवलं.

मग बाहत्तरचा दुष्काळ आला. पाझर तलावाच्या कामावर, खडी फोडायला अख्खं गाव गेलं. विहीर पुन्हा तळाला लागली, पुन्हा तोच झरा, आणि माझ्या वडिलांसकट गावातल्या चार म्हाताऱ्यांना तो जुना नियमही आठवला. एका सकाळी पोरं शाळेत सांगत आली, "गुरुजी, आज म्हादूला सोडनार हायेत हिरीत."

भागवत उंबऱ्यावरून उठला आणि चालायला लागला. मी मागोमाग धावलो. विहिरीवर म्हादूच्या काखेत दोर बांधून झाला होता. भागवतनं तो सोडला आणि स्वतःच्या कमरेला बांधला.

"गुरुजी, तुमी मावनार न्हाई कपारीत," कुणीतरी म्हणालं.

"मावतो. मला ठावं हाय कसं बसायचं."

गुडघे छातीशी घेऊन, मान आत घालून तो बसला. मावला. आणि दोन दिवस तो वाटीनं पाणी देत राहिला, कुणा एका घराला नाही, सगळ्या गावाला. पहिल्या दिवशी बायकांनी त्याला दुवा दिल्या. "असा मास्तर पायजे!" एकानं वरून बिडी सोडली. शेवंता, त्याची बायको, तीन वर्षांच्या उषाला कडेवर घेऊन काठाशी बसून होती. ती त्याला वर यायला सांगत होती आणि लोक तिला गप्प करत होते. "राहू दे की गं वैनी. पुण्य लागतंय."

दुसऱ्या दिवशी दुपारी पाणी येईनासं झालं. खालून नुसता बोलण्याचा आवाज. तो भराभर बोलत होता, एकाला उत्तर देत होता, दुसऱ्याची माफी मागत होता. मग म्हणाला, "झोपलो न्हाई. न्हाई झोपलो. वाटी चालूच हाय." वाटी चालू नव्हती.

माझ्या वडिलांना बोलावणं गेलं. ते आले, काठावर वाकले, आणि आयुष्यात पहिल्यांदाच मायेनं म्हणाले, "भागवता, वर ये लेका. पुरं झालं."

खालचं भराभर बोलणं थांबलं. मग तिशीतल्या त्या माणसाचा अगदी बारीक, समजूतदार आवाज आला:

"मामा, पाळी मोडंल."

वडील काठावरून उठले आणि कुणाकडे न बघता घरी गेले. त्यांनी त्यानंतर या विषयावर चकार शब्द काढला नाही. एकच वाक्य ठरवून टाकलं, "त्याच्या बापाच्या घरान्यातच हाय त्ये." भागवतच्या बापाच्या घराण्यातलं कुणी आम्ही धड पाहिलंही नव्हतं.

दोन जवान माणसांनी खाली उतरून त्याला बांधून वर काढलं. तेव्हा त्यानं मारलं, चावलं, आणि जो त्याच्याजवळ जाईल त्याला "पाय सोड, पाय सोड" म्हणत राहिला. आठ दिवसांनी मी आणि शेवंता वहिनी त्याला एसटीनं नगरला घेऊन गेलो.

डॉक्टर भले होते. भागवतशी तासभर बोलले. शेवंता वहिनीला त्याच्याजवळ बसवून मला एकट्याला आत घेतलं. पुढ्यात लिहिलेला कागद होता.

"तुम्ही यांच्याबरोबर वाढलात. म्हणून तुम्हाला विचारतो. पेशंट सांगतात की लहानपणी मामांनी त्यांना दोन दिवस विहिरीत ठेवलं होतं. हे घडलंय का? नीट आठवून सांगा. घडलं असेल तर मला त्यांच्याशी त्याबद्दल बोलायला हवं. नसेल घडलं, तर ती आठवणही आजारातलीच धरावी लागेल, आणि तसंच त्यांना समजवावं लागेल."

त्यांनी कागद पाहिला.

"तीन आवाज ऐकू येतात म्हणतात. एक पुरुष, तो धमकावतो. एक बाई, ती भीती घालते. आणि एक लहान मुलगा. त्या मुलाचा त्रास सगळ्यात जास्त आहे. तो म्हणे झोपू देत नाही. खडे मारतो."

हो, मी खडे मारले होते. हाका मारून माझा घसा बसला, तेव्हा काठावरचे खडे वेचून खाली टाकायला लागलो. आधी नुसते टाकत होतो, मग नेम धरायला लागलो. खडा लागला की खालून "ओ" यायची. मला त्याची मजा वाटायला लागली होती. वडिलांनी मला खडे मारायला सांगितलं नव्हतं.

आजवर मी स्वतःलासुद्धा असंच सांगत आलो की वडिलांच्या अब्रूसाठी खोटं बोललो. ते खरं नाही. डॉक्टरांनी त्या मुलाचं सांगितलं नसतं, तर कदाचित मी खरं बोललो असतो.

"नाही साहेब," मी म्हणालो. "असं काही झालं नाही. माझ्या वडिलांनी पोटच्या पोरासारखं सांभाळलंय त्याला."

"घराण्यात कुणाला असा आजार?"

"त्याच्या वडिलांकडं असेल. तसं म्हणतात."

डॉक्टरांनी ते लिहून घेतलं.

तिथून त्याला पुण्याच्या इस्पितळात पाठवलं. शाळेत त्याच्या जागी दुसरा मास्तर आला. चौदा महिन्यांनी तो सुटला तेव्हा वहिनी त्याला आणि उषाला घेऊन केडगावला भावाकडे राहायला गेली. गावात ती परत आली नाही.

विहिरीनंच त्याला आजार दिला असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. मी डॉक्टर नाही. लहानपणी असं सोसलेल्या मुलांना पुढं हा आजार होण्याचा धोका जास्त असतो, सगळ्यांना होतोच असं नाही, असं पुढं मी एका जाणकाराला विचारून घेतलं. रक्तातही काही असेल. पण माझ्या माहितीत रक्ताचा पुरावा एकही नव्हता, आणि विहिरीचा साक्षीदार मी स्वतः होतो. मी रक्ताचं सांगितलं आणि विहिरीचं लपवलं.

वडील वारले आणि तेरावं झाल्यावर मी केडगावला गेलो. वहिनी अंगणात ज्वारी निवडत होती. मी उभ्या उभ्याच सगळं सांगून टाकलं, बसलो असतो तर सांगवलं नसतं. खड्यांचंसुद्धा सांगितलं. तिचे हात सुपात थांबले.

"मागल्या साली मला दिवस ग्येले हुते भावजी," ती म्हणाली. "पाडून टाकलं मी. रक्तातच असंल तर आनखी एक जीव कशाला, म्हनलं."

तिनं सूप बाजूला ठेवलं.

"आन मला काय सांगताय? त्येंनी हिरीचं नाव काढलं का मीच तोंडावर हात दाबायची त्येंच्या. डॉक्टरनीच सांगितलं हुतं, त्यो विषय वाढू द्यायचा न्हाई. जावा. आत हायेत. त्येंना सांगा."

भागवत खोलीत भिंतीला टेकून बसला होता. अंगानं सुटला होता, बोटं बारीक थरथरत होती, पण दाढी केलेली, सदरा धुतलेला. "ये दत्तू," म्हणाला. "मामा गेलं म्हनं. वाईट झालं."

मी त्याच्यासमोर बसलो. विहिरीचं सांगितलं, काठावरच्या तिघांचं सांगितलं, त्यातला पोरगा मी होतो हे सांगितलं. त्यानं सगळं शांतपणे ऐकून घेतलं. एकदाही मान वर केली नाही, माझ्याकडेच बघत होता. मी थांबलो तेव्हा पाढा म्हणावा तसा, न अडखळता बोलला:

"न्हाई दत्तू. तसं काही झालं न्हवतं. मामानं मला पोरावानी सांभाळलं. आजारात मला तसं वाटायचं. पुन्याच्या डॉक्टरांनी लई येळ बसून समजावलं, तवा पटलं. आन तूच सांगितलं हुतंस की नगरच्या साहेबांना, न्हाई म्हनून."

"मी खोटं बोललो भागवत. तू सांगत होतास तेच खरं होतं. सगळं."

तो माझ्या तोंडाकडे पाहत राहिला. त्याच्या डोळ्यांत राग नव्हता. मी रागाची वाट बघत होतो, रागासाठीच आलो होतो. पण तो सरकून जवळ आला आणि त्यानं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

"किती दिस झालं तुला असं वाटतंय?"

मी मान खाली घातली.

"मला बी आदी अगदी खरं वाटायचं," तो म्हणाला. "पोराचा आवाज येतो का?"

"येतो," मी म्हणालो.

त्यानं समजल्यासारखी मान हलवली. उठून फळीवरची कागदाची पुडी काढली, त्यातल्या दोन गोळ्या माझ्या तळहातावर ठेवल्या आणि माझी मूठ स्वतःच्या थरथरत्या हातांनी मिटवली. "जेवल्यावर घेत जा. उपाशीपोटी नको. हळूहळू जातं समदं."

मग त्यानं दाराकडे पाहिलं. वहिनी अंगणातच होती. तिला ऐकू जाऊ नये म्हणून तो माझ्या कानाशी वाकला.

"शाळेत कुनाला सांगू नको पर. नोकरी जाईल तुझी."